तीनफेरे आणि निळं दार

माझे धाकटे दीर सरकारी वसुली कचेरीत नोटिसा वाटायचे. ज्याने सरकारचं कर्ज थकवलं त्याच्या घरी जायचं, कागद हातात द्यायचा, सही नाहीतर अंगठा घ्यायचा. माणूस भेटला नाही तर त्याच दिवशी वेगवेगळ्या वेळी तीनदा जायचं. तिसऱ्यांदाही नाही भेटला, तरच शेजाऱ्यांसमोर नोटीस खळ लावून दारावर चिकटवायची, असा नियम. बाकीचे शिपाई या तिन्ही फेऱ्या चहाच्या टपरीवर बसून मारत. भावजी खरोखर जात. म्हणून कचेरीत त्यांचं नावच पडलं, तीनफेरे. नव्या साहेबांना कित्येक दिवस ते आडनावच वाटत होतं.

नुसता कागद देऊन फिरणं त्यांना जमायचं नाही. वाचता न येणारा असला की त्याच्या उंबऱ्यावर बसायचे, चष्मा पुसायचे आणि सगळं मोठ्याने वाचून दाखवायचे. "या तारखेला येऊन आपलं म्हणणं मांडा, असं लिहिलंय. मांडा बरं का! गप्प बसलात तर कबूल आहे असं धरतात."

मी चौथी शिकलेली, पण जीभ काही चौथीची नाही. म्हणायचे, "भावजी, तुम्ही वसुलीवाले की वकील?"

"वहिनी, मारायच्या आधी माणसाने हाक तरी मारावी."

दोन गल्ल्या पलीकडे एक शिवणवाली राहायची. एकटी बाई, मशीन सरकारी कर्जावर घेतलेलं, त्याच मशीनवर पोट. एका सकाळी साहेब आणि वसुलीची माणसं गाडी घेऊन तिच्या दारात आली. घर दाखवायला भावजी सोबत होते. दोघांनी मशीन उचललं. सुईखाली अडकलेली अर्धी बाही तशीच लोंबत होती.

"अहो, पण न सांगता-सवरता?" बाई रडकुंडीला आली.

साहेबांनी फाइल पुढे धरली. "सांगितलंय. तीन फेऱ्या झाल्या, घर बंद. मग दारावर नोटीस लावली. महिना उलटला."

"या दारावर? हे तर गेल्या महिन्यात सुतार दुरुस्तीला काढून घेऊन गेला होता! मी कपडे पोचवून येते तर घराला दारच नाही. आठ दिवस चादर बांधून राहिले."

समोरचा सुतार गंमत बघायला आला होता, त्याचा चेहरा उतरला. "कागद होता खरा एक. मला वाटलं, कसली तरी जाहिरात. जुन्या रंगाबरोबर खरवडला आणि वर निळा दिला."

"आणि तीनदा कोण आलं हो?" बाई म्हणाली. "मी दिवसभर मशीनवर असते. तेवढी एक दुपार बाहेर होते."

"कागदावर तीन लिहिलंय. चला, उचला," साहेब म्हणाले.

तेव्हा भावजी पुढे झाले. "साहेब, मशीन खाली ठेवा. मी एकदाच आलो होतो."

"तीनफेरे, शुद्धीवर आहात ना? खाली सही तुमची आहे."

"म्हणून तर सांगतोय. दुसऱ्याची असती तर गप्प बसलो असतो."

"निवृत्तीला आठ महिने राहिलेत तुमच्या. पेन्शनला कात्री लागेल."

"लागू दे."

साहेब वाईट नव्हते. नोटीस नीट लागली नसेल तर जप्ती टिकत नाही, हे त्यांनाही ठाऊक होतं. मशीन परत खिडकीशी गेलं. चार दिवसांनी भावजी नवी नोटीस घेऊन गेले, उंबऱ्यावर बसून वाचली, सही घेतली. तारखेला बाई पावत्यांचा डबा घेऊन कचेरीत हजर. बघतात तर तिचे चार हप्ते भलत्याच कोणाच्या नावावर जमा! उरलेल्याला साहेबांनी मुदत बांधून दिली. भावजींची एक वेतनवाढ गेली, पेन्शन तेवढी कमी बसली.

यातलं घरी एक अक्षर नाही. मला कळलं ते शिवणवालीकडून, उशांचे अभ्रे शिवायला टाकले तेव्हा. ती म्हणाली, "एकदाच आलो म्हणाले, पण का, ते काही बोलले नाहीत." तिने दार गेल्याची तारीख सांगितली. ती मला पाठ होती.

त्या दिवशी माझ्या डोळ्याची पट्टी निघायची होती. हे जाऊन दोन वर्षं झालेली, सोबतीला दुसरं कोण? मीच म्हणाले होते, "चारच्या आत या हं भावजी, मला एकटीला भीती वाटते." ते पावणेचारलाच आले. पट्टी निघाली आणि मला पहिल्यांदा दिसली ती त्यांच्या बोटांवर वाळलेली खळ. मी म्हटलं, "हात तरी धुऊन यायचं!"

शिवणवालीकडून घरी येऊन मी त्यांच्यासमोर बसले. "माझ्यामुळे झालं ना हे?"

ते पेपरातून डोकं वर न काढता म्हणाले, "वहिनी, घाई तुम्ही केलीत. तीनचा आकडा मी लिहिला."

आता दिवसभर घरीच असतात. हे लिहितेय तर आतून हाक आली, "वहिनी, चहा!" मी नाही उठले. पुन्हा आली. तिसरी आली की उठेन. नियम म्हणजे नियम.