वेचलेला कापूस वापस बोंडात

माझं खरं काम लग्नाच्या शूटिंगचं. मागच्या हिवाळ्यात बोरी अरबजवळच्या एका शेतात सिनेमावाले आले, आणि सिनेमा बनताना पडद्यामागे काय चालतं त्याचा व्हिडिओ काढायला मला बोलावलं. याला ‘मेकिंग’ म्हणतात हे तिथे गेल्यावर कळलं. घरी मी सिनेमाच काढतोय असं सांगून निघालो होतो.

शेवटच्या दिवशी एकच शॉट उरला होता. पऱ्हाटीत बाया कापूस वेचतायत आणि त्यांच्यामधून नायिका रडत चालली आहे. शेताच्या मालकीण काकूंनी खास त्यासाठी एक पट्टा न वेचता राखला होता. बाकी शेत केव्हाच उघडं पडलेलं. एकदा वेचलं की शॉट संपला. त्यात ऊन कलायला लागलेलं.

शॉट सुरू झाला. बाया वेचत पुढे सरकल्या, नायिकेचे डोळे भरून आले, आणि मागून शूटिंग करता करता मी सवयीने ओरडलो, “हां, सगळ्यांनी इकडे पाहा! थोडं हसा!”

सगळ्यांनी पाहिलं. हसल्यासुद्धा. नायिकासुद्धा!

दिग्दर्शक, म्हणजे आमचे सर, डोकं धरून धुऱ्याच्या बांधावर बसले. समोर नुसती रिकामी बोंडं.

“काहून वो सर, मयतीले आल्यावानी बसले?” काकू म्हणाल्या. “कापूस काई पळून गेला का? बायाईच्या ओटीतच हाये. कोंबा वापस बोंडात!”

मग माझ्याकडे वळल्या. “अन तुमी कायले उभे, व्हिडिओवाले? ठेवा ते मशीन, लागा कामाले!”

सगळेच लागले. नायिका खाली बसली, मेकअपवाल्याने मिशा चिकटवायचा गोंद काढला, सरही उकिडवे झाले. बोंडाची वाळकी टोकं बोटांत घुसली की मी ‘स्स’ करायचो.

“हसा नं भाऊ, थोडं हसा!” शेजारची बाई म्हणायची, आणि सगळा पट्टा खिदळायचा.

ऊन जाता जाता शॉट झाला. या खेपेला मी तोंडात रुमाल धरला होता. सर खुशीत येऊन माझ्या पाठीवर थाप मारत म्हणाले, “कापूस कोंबतानाचं सगळं घेतलंस ना? अरे, मेकिंग म्हणजे हेच!”

माझा कॅमेरा बाभळीला टांगलेला होता. पिशवीत, चेन लावून.

सर पुन्हा धुऱ्यावर जाऊन बसले.