टॉवेलाखालची मूठ

आमचे व्याही गेल्याची बातमी मला कुणी सांगितली नाही. दाखवली, आणि तीही मला कळली नाही. दीड महिन्यापूर्वी एका शुक्रवारी सकाळी सुनंदाचा, माझ्या मुलीचा, घोडेगावहून व्हिडिओ कॉल आला. ती काही बोलेना. नुसता फोन फिरवून तिनं भिंतीवरची खुंटी दाखवली. खुंटीला नानांचा पांढरा टॉवेल. मी म्हटलं, "आवाज येत नाहीये गं, गच्चीवर जा जरा." शुक्रवार म्हणजे घोडेगावच्या जनावरांच्या बाजाराचा दिवस. पक्षाघातानंतर बाजारात जाणं सुटलं, तरी दर शुक्रवारी नाना तो टॉवेल खांद्यावर टाकून दारात बसत. त्या दिवशी टॉवेल खुंटीला म्हणजे काय, हे त्या घरातल्या मांजरालाही कळलं असतं. मी मिनिटभर नेटवर्कला नावं ठेवत होते… चौतीस वर्षं भिंगारच्या शाळेत गणित शिकवलेली बाई आहे मी. माणूस वाचणं आमच्या अभ्यासक्रमात नव्हतं.

रंगनाथराव, म्हणजे नाना, माझ्या मुलीचे सासरे. धंद्यानं हेडी. बैल-म्हशी विकत घ्यायच्या, विकायच्या आणि दुसऱ्यांचे सौदे जुळवून द्यायचे. या धंद्यात भाव तोंडानं बोलत नाहीत. दोघांनी टॉवेलाखाली हात घालायचे आणि एकमेकांची बोटं धरून आकडा ठरवायचा. भोवती पन्नास माणसं उभी असली तरी कुणाला पत्ता लागत नाही. आयुष्यभर असं हातानं बोललेल्या माणसाची जीभ म्हणजे जेवणापुरती. चहा गोड झाला की ते कप वीतभर पुढं सरकवत. पाहुणा फार वेळ बसला की उठून पायात वहाणा घालत, दारापर्यंत जात, परत येऊन काढून ठेवत. तिसऱ्या खेपेला पाहुणा उठे. मी मात्र पाचव्या खेपेला विचारलं होतं, "नाना, वहाणा चावतात का?" बोलत नाही तो माणूस मठ्ठ, असा माझा तेव्हाचा सिद्धांत. आमच्या शाळेत सगळ्यात जास्त कोण बोलत असे, ते आठवलं तरी हा सिद्धांत कोसळायला हवा होता. पण सगळ्यात जास्त मीच बोलत असे…

तेवीस वर्षांपूर्वी आमच्या भिंगारच्या घरी सुनंदाच्या लग्नाची बैठक बसली. मुलगा-मुलगी राजी होती, अडलं होतं ते देण्याघेण्यावर. नानांचे थोरले भाऊ तात्या, मिशा आणि आवाज दोन्ही बाळगून असलेले, भावकीच्या मध्ये बसून म्हणाले की आमचं काही मागणं नाही, पण गावाकडं रीत असते. आमच्या ह्यांच्या कपाळावर घाम. नोकरी लष्कराच्या कचेरीत कारकुनाची, हुंडा देणार कुठून? मी दाराआड पोह्यांचा ट्रे धरून उभी. तेवढ्यात नाना काही न बोलता ह्यांच्याजवळ सरकले, खांद्यावरचा टॉवेल काढला, स्वतःच्या हातावर टाकला आणि त्याखालून ह्यांचा हात धरला. मला दिसलं एवढंच. माझ्या मुलीचा सौदा, आणि तोही टॉवेलाखाली!

मी ट्रे खाली ठेवला, पुढं झाले आणि तो टॉवेल खसकन ओढून काढला. म्हटलं, "मुलगी आहे ही, म्हैस नव्हे." ह्यांची मिटलेली मूठ नानांच्या पंजात होती. मी लगेच बेरीज केली. पाच बोटं, पाच तोळे. नानांनी सावकाश हात सोडला, टॉवेलाची घडी घातली, कानामागं खाजवलं. तात्या उठले आणि बाहेर पडले. लग्न झालं, हुंडा कुणी मागितला नाही, तात्या लग्नाला आले नाहीत. पुढं दोघा भावांच्या अंगणात भिंत उभी राहिली. मी काय समजायचं ते समजले. सासरची माणसं वरमली.

त्यानंतर मी जो टेंभा मिरवला, तो आठवला की आता माझीच मला लाज वाटते. बारशात, वास्तुशांतीत, हळदीकुंकवात मी "टॉवेल ओढल्याची गोष्ट" सांगितली. महिला दिनाला माईकवरून सांगितली. दर वेळी तात्यांच्या मिशा दोन बोटं वाढत, माझा आवाज एक पट्टी वर जाई. सगळ्यात वाईट म्हणजे कितीतरी वेळा नाना समोर बसलेले असत. ते कानामागं खाजवत. मला वाटे, ओशाळले. मी आणखी रंगवून सांगे. नात मला हल्ली मोबाईलवर कोटवाल्या गृहस्थाचे व्हिडिओ पाठवते, देहबोली पंधरा मिनिटांत ओळखायला शिका म्हणून. त्या गृहस्थाला मी एकदा भेटायला हवं. मला तेवीस वर्षं पुरली नाहीत, हे ऐकून त्याचा कोट उतरेल.

गेल्या दिवाळीत त्यांना पक्षाघात झाला. उजवी बाजू गेली, वाचा गेली. नातेवाईक हळहळले. मी म्हटलं, ज्या पेटीला कधी हात लावला नाही ती चोरीला गेली, एवढं काय. असल्या विनोदांबद्दल मी प्रसिद्ध होते. शेवटची भेट झाली तेव्हा ते पलंगावर, अंगावर चादर. त्यांना हसवावं म्हणून मी पुन्हा तीच गोष्ट काढली. ती संपली तेव्हा त्यांचा डावा हात चादरीखालून माझ्याकडे आला. माझी बोटं त्यांनी धरली, एकेक करत आत मिटवली आणि वर आपला पंजा झाकला. आणि माझ्याकडे बघत राहिले. मला वाटलं, पेटका आला. मी चादर दूर केली, बाम मागवला आणि त्यांची बोटं एकेक सरळ करून चोळत बसले. तोंडाच्या शाबूत बाजूनं नाना हसले… डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसले. मी विहीणबाईंना म्हटलं, बघा, आराम पडला.

नेवाशाला प्रवरेच्या काठी त्यांचा दहावा झाला. घरी परतल्यावर बायका बसल्या होत्या. कुणीतरी म्हणालं, सांगा ना तुमची ती टॉवेलाची गोष्ट, नाना किती ऐकायचे. मी सुरुवात केली. टॉवेल ओढण्यापर्यंत आले आणि सुनंदा उठून आत गेली. उठण्याच्या त्या पद्धतीत काहीतरी होतं. एवढं एक मला जन्मात पहिल्यांदा वाचता आलं. मी गोष्ट अर्धी सोडून मागोमाग गेले. चुलीशी विहीणबाई, कौसाबाई, बसल्या होत्या. मी विचारलं, पलंगावर नानांनी माझी मिटवली तशी बोटं मिटवून वर पंजा झाकला तर आकडा किती?

"आकडाच न्हाई, ताई," त्या म्हणाल्या. "बोटं धरली तर आकडा. मूठ मिटवली म्हंजी सवदा संपला. मला काय नको, तुमी काय देऊ नका."

चुलीतलं लाकूड पुढं सारत त्या म्हणाल्या,

"थोरल्या भावाफुडं तोंडानं न्हाई म्हनता येत न्हवतं. त्याचा शब्द खाली पडला असता. म्हून टॉवेल टाकला हुता."

आणि मी तो ओढला. त्या खोलीत नानांकडचे जे कोणी होते, त्या सगळ्यांना ती मूठ वाचता आली. तात्यांना तर भरल्या बैठकीत धाकट्या भावानं झिडकारलेलं दिसलं. न वाचता आलेली एकटी शिक्षिका… आणि तिचा नवरा. हुंडा मी टॉवेल ओढून वाचवला नव्हता. तो आधीच वाचला होता. मी मोडला तो भावाभावांचा संसार.

सुनंदाला हे लग्नाच्या पहिल्या महिन्यापासून ठाऊक होतं. मी विचारलं, मग मला का नाही सांगितलंत कुणी? कौसाबाईंनी नुसतं कानामागं खाजवलं, अगदी नानांसारखं. बैल बुजला की हेडी त्याच्या कानामागं खाजवतात, शांत हो, राहू दे म्हणून. ते ओशाळलेपण नव्हतं. माझ्या प्रत्येक गोष्टीच्या शेवटी तो माणूस घरच्यांना सांगत होता, राहू द्या. "एकदाच बोलले हुते," कौसाबाई म्हणाल्या. "ताईंची गोष्ट झ्याक हाय, म्हने. मोडू नका."

बाहेर ओसरीच्या टोकाला तात्या बसले होते. तेवीस वर्षांनी भिंतीला वळसा घालून आलेले, मिशा पांढऱ्या, आवाज खोल गेलेला. मी खुंटीवरचा टॉवेल घेतला आणि त्यांच्याजवळ जाऊन बसले. बोलायला तोंड उघडलं आणि, आश्चर्य म्हणजे, मिटलं. टॉवेल हातावर टाकला, त्याखालून त्यांचा हात शोधला, खरबरीत, थंड. अंगठ्यासकट बोटं आत मिटवली, वर माझा पंजा झाकला. ते माझ्याकडे बघेनात. समोरच्या भिंतीकडे बघत राहिले. हात मात्र त्यांनी काढला नाही. बऱ्याच वेळानं टॉवेलाखाली काहीतरी हललं. त्यांनी मूठ सोडवली, मी केली होती तशीच माझी बोटं मिटवली आणि आत दबलेला माझा अंगठा धरून बाहेर ओढला.

"आंगठा भाईर ठिवायचा, बाई," तात्या म्हणाले. "आत दाबला तर समोरचा अजून काय मागतुया असं हुतं."

टॉवेल कौसाबाईंनी मला दिला. भिंगारला दारामागच्या खिळ्याला असतो. सकाळी पेपर वाचून झाला की मी तो मांडीवर घेते आणि त्याखाली माझाच एक हात दुसऱ्या हातात मिटवते. अजूनही दहातून तीन वेळा अंगठा आतच जातो.