छज्ज्याखालची बदली

कुंडलिक धोंडी भिसे, गवंडी, राहणार सणसर, तालुका इंदापूर. जन्म १९३६, मृत्यू २ एप्रिल २०२३.

आमचे घर वडिलांनी १९६२ मध्ये मुंबईच्या वास्तुविशारदाकडून आराखडा आणवून बांधविले. सपाट छप्पर, काळ्या दगडाची लांब भिंत आणि दारापुढे सात फूट बाहेर आलेला काँक्रीटचा छज्जा. त्याला एकही खांब नाही. मुख्य मिस्त्री असलेल्या कुंडलिकने असे काही पूर्वी पाहिलेही नव्हते.

काँक्रीट घट्ट झाल्यावर त्याखालचा शेवटचा टेकू काढताना मिस्त्रीने स्वतः खाली उभे राहावे, हा इकडच्या गवंड्यांचा रिवाज. ४ मे रोजी कुंडलिकचा धीर सुटला. त्याच्याऐवजी धाकटा भाऊ झुंबर उभा राहिला. टेकू निघाले, छज्जा केसभरही हलला नाही.

"दादा, बघ की, टोपीबी पडली न्हाय!" झुंबर हसला.

दीड महिन्याने तो तापाने गेला.

पुढे दरवर्षी ४ मेला कुंडलिक भर दुपारी छज्ज्याच्या कडेला येऊन उभा राही. लग्नानंतर माझी पत्नी सुधा प्रथमच त्याला चहा घेऊन गेली, तेव्हा तो म्हणाला, "वैनी, आजून एक कप आणा. झुंबर हाय न्हवं हितं."

"मग त्यांना घरी न्या की, तात्या," तिने थट्टा केली.

"बदली दिल्याबिगर कसा हलंल? पाळी माझी व्हती."

ती थट्टा सुधाने पुन्हा केली नाही. झुंबरच्या त्या जागेवर पाय टाकणे आम्ही उभयतांनी सोडले. त्याविषयी एकमेकांशी बोललो मात्र नाही.

२०२२ च्या अखेरीस छज्ज्याला तडा गेला. दुरुस्तीसाठी पुन्हा टेकू लागले. १२ मार्चला ते काढायचे ठरले, तेव्हा कुंडलिक धुतलेली टोपी घालून आला.

"आबा, सरका. आता खाली कुणी उभं राहत न्हाय," ठेकेदार म्हणाला.

"तू तुझा हातोडा मार."

जबाबदारी माझी, असे मी ठेकेदाराला लिहून दिले. शेवटचा टेकू पडला. छज्जा तसाच राहिला. कुंडलिकने शेजारच्या मोकळ्या जागेकडे पाहिले.

"जा बाबा आता. मी हाय."

मग तो एक पाऊल सरकून नेमका त्या जागी उभा राहिला. सुधाने तीनदा हाक मारली. दिवेलागण झाली तरी तो बाहेर आला नाही. अखेर त्याच्या मुलाने हात धरून त्याला घरी नेले. तीन आठवड्यांनी तो घरी झोपेतच गेला.

झुंबर सुटला, याविषयी मला शंका नाही. परंतु कुंडलिकचा मुलगा गवंडीकाम करीत नाही, आणि माझेही वय झाले. कुंडलिकला बदली कोणी द्यायची, हे ठरायचे राहिले आहे.