मामाची दुसरी साक्ष

आमचा मामा शिंपी आहे आणि जन्माचा बढाईखोर. गिऱ्हाइकाच्या गळ्यात टेप टाकता टाकता तो त्याच्या आधीच्या शिंप्याची पार अब्रू काढतो. "हे खांदे कुणी शिवले? माणसासाठी की खुंटीसाठी?" गिऱ्हाईक ओशाळतं आणि मापाला ताठ उभं राहतं. मला मामाचा भयंकर राग येतो आणि त्याच्यावाचून करमतही नाही.

एका टेम्पोवाल्याने न बघता गाडी मागे घेतली आणि मामाला सायकलसकट भिंतीशी दाबलं. जीव वाचला, पण उजवा पंजा चेचला गेला. अंगठा आणि शेजारची दोन बोटं मिटेनात. कात्री धरायची नेमकी तीच. आणखी एक ऑपरेशन केलं तर थोडीफार पकड येईल, असं डॉक्टर म्हणाले. खर्च आमच्या आवाक्याबाहेरचा, म्हणून नुकसानभरपाईचा दावा लावला.

दुकान मात्र बंद पडलं नाही. पडद्यामागे मामी कापायची आणि शिवायची. लग्न झाल्यापासून तिच्या वाट्याला काजं-बटणं आणि तुरपाई एवढंच आलेलं. मामा कात्रीला हात लावू देत नसे. आता तोच काउंटरवर उजवा हात खिशात घालून उभा राहायचा आणि "गुरुवारी या, मी स्वतः बसून शिवतो" असं बिनदिक्कत ठोकून द्यायचा.

साक्षीच्या दिवशी टेम्पोच्या विमा कंपनीच्या वकिलाने एक शर्ट पुढे केला. अपघातानंतर आमच्याच दुकानात शिवलेला.

"हा तुम्ही शिवलात?"

दुसरा कुणीही "नाही" म्हणून मोकळा झाला असता. मामाने कॉलर पाहिली, खांद्याची शिवण पाहिली, छाती फुगवली आणि म्हणाला, "मग काय, कपाटाने शिवला?"

हात व्यवस्थित चालतो, असं म्हणत कोर्टाने दावा फेटाळला.

घरी आल्यावर मी मामाची बिनपाण्याने केली. "डोकं गहाण टाकलं होतंस का रे?" तो भिंतीकडे बघत बसला. मामीने भांडी विसळता विसळता एवढंच म्हटलं, "जाऊ दे गं. हात गेला हे त्यांना बोलवत नाही." आम्हा सगळ्यांना तेच वाटत होतं.

आम्ही अपील केलं. वरच्या कोर्टाने मामाची साक्ष पुन्हा नोंदवून घ्यायला परवानगी दिली, तेव्हा आमच्या वकीलबाईंनी त्याला बजावलं, "काका, या वेळी फक्त खरं बोलायचं. हे हातचं गेलं तर मी काही करू शकणार नाही." घरी मी तालीम घ्यायला बसले, तर "शर्ट कुणी शिवला?" म्हटलं की साहेबांना तहान लागायची.

तारखेच्या दिवशी पुन्हा तोच वकील उभा राहिला. "अपघातानंतर तुमच्या दुकानात कपडे कोण शिवतं?"

मामाने घसा खाकरला. मागच्या बाकावरच्या मामीकडे त्याने पाहिलं नाही.

"माझी बायको. कापतेही तीच."

"मग मागच्या वेळी खोटं का बोललात?"

"लाज वाटली."

"हात अधू झाल्याची?" या वेळी न्यायाधीशांनीच विचारलं, जरा मऊ आवाजात.

"त्याची सवय झाली, साहेब. ती माझ्यापेक्षा चांगलं शिवते, त्याची लाज वाटली. गिऱ्हाइकं मला सांगतात, हल्ली तुमचा हात फारच बसलाय. आणि मी इतकी वर्षं तिला कात्रीला हात लावू दिला नाही."

टायपिस्टने ते जसंच्या तसं टाइप केलं. मामाचा राग कुठे गेला ते माझं मलाच कळलं नाही.

अपील पुढे मंजूर झालं, ऑपरेशनही ठरलं. पण त्या दिवशी आम्हाला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. कोर्टाचा जिना उतरताना मामी दोन पायऱ्या पुढे होती. मागे न वळताच ती म्हणाली, "हे घरी सांगितलं असतंत तरी चाललं असतं."

"घरी कोण शपथ घालतं?" मामा पुटपुटला.

तो शेजारी येईपर्यंत मामी थांबली.

"आता घालत जाईन," ती म्हणाली.