अप्पांनी लावलेली धार

चिक्कम्माचा फोन आला तेव्हा हूटगळ्ळीच्या कारखान्यातल्या माझ्या कँटीनमध्ये दुपारची पंगत बसली होती. ती म्हणाली, "चिक्कप्पा गेले गं. धावत येऊ नको, माणसांचं जेवण उरकून ये. आता ते कुठं जाणार?" मी पंगत उरकूनच विजयनगरला त्यांच्या घरी गेले. चिक्कप्पालाही तेच आवडलं असतं. अर्धवट टाकलेलं काम त्याला खपत नसे.

कमांडर आनंदराव माझ्या वडिलांचे धाकटे भाऊ. आमचं घर मराठी, पण पिढ्यान् पिढ्या म्हैसुरात राहिल्यावर काकाचा चिक्कप्पा होतोच, काकूची चिक्कम्मा. साताऱ्याकडून आलेला मूळपुरुष इथं घोडेस्वार झाला, आणि आजोबांपर्यंत घरातले पुरुष संस्थानच्या घोडदळातच होते. त्यामुळे धाकटा मुलगा नौदलात निघाला तेव्हा आजोबांना ते नोकरीसारखं वाटलं, शिपाईगिरीसारखं नाही. ज्यानं तळ्यापलीकडे पाणी पाहिलं नव्हतं तो बोटीवर काय करणार, असं ते येणाऱ्याजाणाऱ्याला विचारत. खरं तर पहिली काही वर्षं चिक्कप्पा बंदर सुटलं की ओकायचा. हे त्यानं घरात कुणालाही कळू दिलं नाही, आजोबा गेल्यावरच सांगितलं. तोवर तो जहाजांना वाट दाखवणारा अधिकारी झाला होता. नकाशा, तारे, खोली मोजणं, हे त्याचं काम.

मी शाळेत असताना एका दसऱ्याला तो बदलीवर जाताना सगळ्या सामानासकट घरी आला. सामानात त्याची संचलनाची तलवार होती. सोनेरी मूठ, पात्यावर नाजूक नक्षी. आमच्याकडे आयुधपूजेला पाटावर मूळपुरुषाची तलवार मधे, भोवती आजोबांची रिकीब, वडिलांचे नट आवळायचे पाने, आईची कात्री, विळीसुद्धा. पूजा झाली की अंगणात तलवारीनं कोहळा कापायचा, एका घावात. त्या वर्षी चिक्कप्पानं स्वतःची तलवार पाटावर ठेवली आणि कोहळा तिनंच कापतो म्हणाला. घाव बसला, पण कोहळा फुटायच्या ऐवजी घरंगळत शेजाऱ्यांच्या फाटकाशी गेला. सगळे हसले. तोही हसला. आजोबा हसले नाहीत. त्यांनी पात्यावरून अंगठा फिरवला आणि म्हणाले, "हिला धार नाही. पोशाखाची आहे ही. आत ठेव." विळीला कुंकू होतं, कात्रीला होतं... ती तलवार मात्र पाटावरून उठली. चिक्कप्पानं ती ट्रंकेत ठेवली आणि त्या दिवशी दोन्ही वेळा जेवायला मागच्या पडवीत एकटाच बसला.

दसरा सरला. चिक्कप्पा मित्रांना भेटायला बाहेर गेला होता तेव्हा आजोबा तलवार कांबळ्यात गुंडाळून हुणसूरच्या बसमध्ये बसले आणि येलवालला उतरले. तिथला लोहार त्यांच्या कोयत्यांना धार लावून देत असे. संध्याकाळी परतले आणि तलवार मुलाच्या हातात दिली. "आता हत्यार झालं."

नक्षी निम्मी घासली गेली होती. वरचा मुलामा गेलेला, पात्याच्या कडेला सहाणेच्या रेघा. नौदलाची तलवार बोथटच असते, ती चालवायची नसते, हे आजोबांना कुणी सांगितलंच नव्हतं. चिक्कप्पानं कडेवर अंगठा ठेवला, लगेच रक्त आलं. आम्ही सगळे त्याच्या तोंडाकडे बघत होतो. तो म्हणाला, "सरी अप्पा," ठीक आहे, एवढंच. पूजा कधीच उठली होती. तरी आजोबांनी पाट पुन्हा मांडला, मूळपुरुषाची तलवार काढली आणि तिच्या शेजारी मुलाची ठेवून स्वतः कुंकू लावलं. घरात कोहळा उरला नव्हता, म्हणून आईनं दुधी दिला. एका घावात दोन तुकडे. दुसऱ्या दिवशी त्याचंच सांबार झालं. आईनं हळूच विचारलं, "भाऊजी, तुमच्या साहेबांना काय सांगणार?" तो म्हणाला, "आमच्या घरात अशीच असते म्हणून सांगेन."

नवी तलवार घेणं त्याला अवघड नव्हतं. घेतली नाही. कोची, विशाखापट्टणम, मुंबई, सगळीकडची संचलनं त्यानं त्याच तलवारीवर केली. म्यान आतून कापलं जाई, तो म्यान बदलायचा. बरोबरीचे अधिकारी त्याला खाटीक म्हणत. निवृत्त होऊन विजयनगरला घर बांधल्यावर दर दसऱ्याला अख्ख्या गल्लीचे कोहळे त्याच्याकडे येऊ लागले. गेल्या वर्षी त्यानं तलवार माझ्या हातात दिली. "तू काप. कँटीनवाली आहेस, हात बसलेला आहे." मी कापला. बायकांनी कापायचा की नाही, हे विचारायचं कुणाला सुचलं नाही.

आता त्याचा मुलगा ती बंगळुरूला नेऊन काचेच्या पेटीत लावायची म्हणतो. चिक्कम्मा म्हणाली, "बेड, नकोच. भिंतीवर टांगली की ती परत पोशाखाची होईल." पेटीचा विषय तिथंच संपला. तलवार चिक्कप्पाच्याच कपाटात आहे, मी तेल लावून ठेवते. कुणी बघायला मागितली की चिक्कप्पा म्यानातून काढण्याआधी म्हणायचा, "हळू. धार आहे, अप्पांनी लावलेली." परवा त्याच्या नातीनं कपाट उघडून मुठीला हात घातला. मी बोलणार तोच चिक्कम्मा स्वयंपाकघरातून म्हणाली, "हळू गं... धार आहे."