ताईंची दोडामार्गची बदली

रोह्यातल्या एका सरकारी कार्यालयात मी आस्थापनेचा कारकून होतो. रजा, पगारवाढ, बदल्या, सगळे कागद माझ्याच टेबलावरून जायचे. शेजारच्या टेबलावर एक ताई बसत. रोज पेणहून पॅसेंजरने येत, संध्याकाळच्या पॅसेंजरने परत जात. घरी नवरा अर्धांगवायूने कॉटवर. सकाळी त्याला पुसून, भरवून त्या निघत. दिवसा शेजारीण बघायची.

रोह्यात त्यांना दीड वर्षही झालं नव्हतं, तोच पार गोव्याच्या सीमेवरच्या दोडामार्गला बदलीचा आदेश आला. कारण लिहिलं होतं, ‘प्रशासकीय निकड’. ती निकड काय होती ते शिपायापासून सगळ्यांना ठाऊक होतं. एकाला त्या जागेवर यायचं होतं आणि त्याच्यासाठी वरून फोन आला होता.

ताईंनी मुंबईच्या न्यायाधिकरणात अर्ज केला. वकील म्हणाले, मुदतीआधीची बदली आहे, स्थगिती मिळेल, फक्त तोवर कार्यमुक्त होऊ नका, इथली खुर्ची सोडू नका. सुनावणीच्या दिवशी त्यांनी किरकोळ रजा घेतली. साहेबांनी ती हसून मंजूर केली.

त्या दिवशी साडेदहाला साहेबांनी मला आत बोलावलं.

“बाईंना आज एकतर्फी कार्यमुक्त करायचंय. आदेश टाइप करा.”

“साहेब, आज त्यांची सुनावणी आहे. दुपारी.”

“म्हणूनच आत्ता करा.”

बाहेर बाकावर नवा माणूस येऊन बसलाच होता. मी टाइप केलं, जावक क्रमांक टाकला. बारा वाजता तो ताईंच्या खुर्चीत बसला आणि आदेशाची प्रत फॅक्सने सरकारी वकिलांकडे गेली. मी दोनदा समोरच्या टपरीवर गेलो, खिशातून मोबाइल काढला, ताईंचा नंबरही काढला. पण फोन केल्याचं कळलं असतं तर पुढचा आदेश माझ्या नावाचा निघाला असता. दोन्ही वेळा चहा पिऊन परत आलो.

आदेश घरी पोचवायचं कामही माझ्याकडेच आलं. संध्याकाळी शिपायाला घेऊन पेणला गेलो. दार उघडं होतं. शेजारीण ताईंच्या नवऱ्याला पेज भरवत होती. त्यानं मला ओळखलं, तोंडातून काहीतरी आवाज काढला.

“बसा म्हनतात,” शेजारीण म्हणाली. मी बसलो.

तासाभराने ताई आल्या. मुंबईत काय झालं ते त्यांच्या तोंडावरच दिसत होतं. अर्जदार सकाळीच कार्यमुक्त झाल्या, जागाही भरली, असं सरकारी वकिलांनी सांगितलं होतं. स्थगिती मिळाली नाही, पुढची तारीख पडली.

मी कागद पुढे केला. त्यांनी उभ्या उभ्याच सही केली.

“भाऊ, एक फोन नाय करावासा वाटला?”

“साहेब समोर होते, ताई.”

“दिवसभर?”

शेजारीण म्हणाली, “तू बस आधी गो, चाय ठेवते.” शिपाई बाहेर जाऊन उभा राहिला.

ताई दोडामार्गला गेल्या. दिराने नवऱ्याला धरमतरजवळच्या आपल्या गावी नेलं. महिन्यातून एकदा त्या येऊन त्याला भेटून जात. तारखांवर तारखा पडत राहिल्या. सव्वा वर्षाने निकाल लागला, बदली रद्द झाली. कार्यमुक्तीत घाई झाल्याचंही निकालात म्हटलं होतं. साहेब तोवर निवृत्त होऊन पेन्शन घेत होते.

ताई रोह्यात पुन्हा हजर झाल्या. त्याच रविवारी नवऱ्याला आणायला दिराकडे गेल्या, तर तो यायला तयार होईना. बोलता येत नव्हतं. त्यानं भिंतीकडे तोंड केलं ते त्या निघेपर्यंत तसंच ठेवलं. दोन-तीनदा त्या जाऊन आल्या. शेवटी तो तिथेच राहिला.

हे मला पेणच्या त्या शेजारणीकडून कळलं. ताई मला काही सांगत नव्हत्या. माझ्या निवृत्तीपर्यंत आम्ही शेजारी बसलो आणि कामापुरतं बोललो.