तिसऱ्या पायरीवरचं पाणी

घराघरांतून शिव्या पडत होत्या तेव्हा बाईंचं उत्तम चाललं होतं. अकरा वर्षं रोज संध्याकाळी साडेसातला त्या टीव्हीवर सुनेला छळत आणि लोक जेवता जेवता त्यांच्या नावाने बोटं मोडत. मालिकेतल्या त्या सासूला सगळे माईसाहेब म्हणायचे. हळूहळू वाणी, दातांचा डॉक्टर, बँकेतली मुलगी, सगळेच तसं म्हणायला लागले. खरं नाव माहीत असलेली एक धाकटी बहीण उरली, आणि ती 'ताई' म्हणायची. म्हणजे नाव गेलंच. एकदा भाजी घेताना एका म्हातारीने त्यांच्या पाठीत छत्री घातली. बाईंनी तो किस्सा पुढे कितीतरी वर्षं बक्षीस मिळाल्यासारखा सांगितला.

सेटवर त्यांच्या एका सवयीची फार चेष्टा व्हायची. तिची सुरुवात दुसऱ्या वर्षी झाली. माईसाहेब दारापर्यंत आल्या त्या दोन्ही कानांत झुमके घालून, आणि उंबरठा ओलांडून आत आल्या तर डावा कान रिकामा! बाहेरचं शूटिंग सोमवारी झालेलं, आतलं शुक्रवारी, आणि झुमका मेकअपच्या खणात. सगळ्या जगाने तो कान पाहिला. दिग्दर्शक चारचौघांत म्हणाला, "माईसाहेब, अभिनय नंतर करा, आधी कान मोजा."

बाई नाकावर माशी बसू न देणाऱ्या. त्या दिवसापासून प्रत्येक शॉटच्या आधी त्या स्वतःचा डोक्यापासून पायापर्यंत फोटो काढून घेत, तारीख आणि सीनचा नंबर लिहिलेली पाटी हातात धरून. फोटो वहीत चिकटवत, पुढच्या शॉटला वही उघडून कान, बांगड्या, केसांची बट ताडून बघत. अशा चौदा वह्या झाल्या. "स्वतःवर प्रेम असावं, पण इतकं?" मेकअपदादा म्हणायचे. फोटो मात्र तेच काढायचे.

पुढे मालिकेचे प्रेक्षक घटले आणि कुणीतरी मरणं भाग पडलं. माईसाहेबांना जिन्यावरून ढकलण्यात आलं. बाईंनी घरी जाऊन सात दिवस पडदे उघडले नाहीत.

स्टुडिओच्या मागे एक तळं होतं. दगडी पायऱ्या, पलीकडे गवत, गवतात पाणकोंबड्या. सुनेला घराबाहेर काढायचं असो की विहिणीशी कट शिजवायचा असो, शूटिंग त्याच पायऱ्यांवर व्हायचं. जेवणाच्या सुट्टीत बाई तिथे बसून संवाद पाठ करायच्या. मेल्यानंतर तीन महिन्यांनी त्या सहज तळ्यावर गेल्या, तर काठाशी काहीतरी पांढरं तरंगत होतं. सोनेरी वेलबुट्टीचा थर्माकोलचा खांब. माईसाहेबांच्या दिवाणखान्यातला! त्याला टेकून त्यांनी अकरा वर्षं कारस्थानं केली होती. सेट मोडला आणि सगळं उचलून पाण्यात टाकलं होतं. एका पाणकोंबडीच्या पायात सेटवरच्या तोरणाची नायलॉनची दोरी अडकली होती. बाई रडल्या. ग्लिसरीनशिवाय रडायला किती वेळ लागतो ते त्यांना तेव्हा कळलं. वेळ लागतच नाही. मग त्यांनी साडी खोचली, पाण्यात उतरल्या, आधी पक्षी सोडवला आणि मग खांब ओढून बाहेर काढला.

दुसऱ्या दिवशी पुन्हा गेल्या. मेकअपदादा निवृत्त झालेच होते, तेही यायला लागले. तीन वर्षं दोघं दर सकाळी तळ्यातून प्लायवूड, खिळे, प्लास्टिकची फुलं काढत होते. लोक बघायला येत. "माईसाहेबांचं नवं नाटक," असं म्हणत. बाई त्याच लोकांच्या हातात पोतं देत आणि साडेसातच्या आवाजात सांगत, "धरा!" त्या आवाजापुढे नाही म्हणायची कुणाची छाती नव्हती.

आणि मग बातमी आली. स्टुडिओला शूटिंगसाठी दोन नवे फ्लोअर बांधायचे होते. त्यासाठी तळं बुजवायचा अर्ज गेला होता. अर्जात म्हटलं होतं, इथे तळं नाहीच. पावसाचं पाणी साचतं आणि हिवाळा संपायच्या आत आटतं. जनसुनावणी ठरली. तिच्या आदल्या आठवड्यात मालिकेचे निर्माते, म्हणजे स्टुडिओचे मालक, स्वतः बाईंच्या घरी आले.

"माईसाहेब परत येतायत," ते म्हणाले. "जुळी बहीण. जिन्यावरून पडली ती दुसरीच होती. मुख्य भूमिका. फक्त त्या डबक्याचं जरा सोडून द्या."

तीन वर्षं बाईंचा फोन वाजला नव्हता. कॅमेऱ्यासमोर उभं राहायची त्यांना इतकी भूक होती की घरात दिवा लागला तरी मान आपोआप उजेडाकडे वळायची.

"ताई, हो म्हण," बहीण कानाशी कुजबुजली. "लक्ष्मी घरी चालून आलीय."

बाईंनी चहाचा कप निर्मात्यांपुढे सरकवला. "मला तुम्ही मारलंत, तेव्हा विचारलं नव्हतंत. आता जिवंत करताना कशाला विचारता? मी मेलेलीच बरी. आणि ते डबकं नाही."

सुनावणीच्या आदल्या दुपारी बाई आणि मेकअपदादा फोटोंच्या वह्या चाळत बसले. चौदाव्या वहीच्या शेवटी दादांचा हात थांबला. फोटोत बाई पाटी धरून उभ्या होत्या, दोन्ही झुमके जागेवर. मागे एक टेम्पो जुन्या सेटचा ढीग तळ्यात रिकामा करत होता. तारीख बाई मरायच्या महिनाभर आधीची.

"हे पान फाडा," दादा म्हणाले. "हात दाखवून अवलक्षण होईल."

बाईंनी वही बंद करून ती इतर वह्यांबरोबर पिशवीत ठेवली.

सुनावणीच्या हॉलमध्ये अधिकाऱ्यांनी पहिली वही उघडली आणि त्यांना हसू आलं. "बाई, हे तर सगळे तुमचेच फोटो आहेत."

"माझेच आहेत. पण माझ्याकडे बघू नका. माझ्या मागे बघा."

अधिकारी बघायला लागले. एप्रिल. मे. पुन्हा एप्रिल. साड्या बदलत होत्या, केस पांढरे होऊन पुन्हा काळे होत होते, पण कडक उन्हाळ्यातही मागचं पाणी दर वर्षी तिसऱ्या पायरीवर होतं. तारीख पाटीवर. हॉलमध्ये कुजबुज सुरू झाली. अधिकाऱ्यांनी पाहणी होईपर्यंत भरावाला मनाई लिहून घेतली.

स्टुडिओचा वकील मात्र शेवटची वही चाळत होता. तो उठला. "आणि हा टेम्पो कुणाचा? तुमच्याच मालिकेचा ना? तुमच्या पाठीमागे दहा पावलांवर कचरा पडतोय. तुम्ही तेव्हा काय करत होतात?"

"कान मोजत होते," बाई म्हणाल्या. कुणीतरी हसलं. बाई हसल्या नाहीत. "दहा वर्षं मी या वह्यांत फक्त स्वतःला बघितलं. म्हणून ते पान फाडलं नाही. कचरा टाकणाऱ्यांची यादी करा. पहिलं नाव माझं घाला. दुसरं तुमच्या मालकांचं."

कारकुनाने जबाब टाइप करून सहीसाठी पुढे केला. खाली त्याने सवयीने 'माईसाहेब' घातलं होतं. बाईंनी पेन मागितलं, ते नाव खोडलं आणि शेजारी मोठ्या अक्षरांत आपलं खरं नाव लिहिलं.

"ती मेली," त्या कारकुनाला म्हणाल्या. "तळ्यावर रोज मी जाते."